मैदानावरचे मास्तर : सय्यद अब्दुल रहीम



थोरांची चरित्रे सांगताना आपण बहुधा राजे, संत, पुढारी किंवा विद्वान यांच्याकडे वळतो. शाळेत नोकरी करून संध्याकाळी मुलांना चेंडू खेळायला शिकवणाऱ्या मास्तरांचे चरित्र कोणी सांगत नाही. आज अशाच एका मास्तरांची ओळख करून द्यायची आहे. त्यांचे नाव सय्यद अब्दुल रहीम. अवघे हैदराबाद त्यांना रहीमसाहेब म्हणत असे. भारताने आशियाई क्रीडास्पर्धेत फुटबॉलचे सुवर्णपदक आजवर दोनदाच मिळवले आहे, १९५१ साली आणि १९६२ साली. दोन्ही वेळा संघाचे प्रशिक्षक तेच होते. ऑलिंपिकमध्ये भारत एकदाच उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला, तेव्हाही संघामागे तेच उभे होते.

हे गृहस्थ आपल्याला परके नाहीत. आपल्या यवतमाळ जिल्ह्याच्या दक्षिणेला पैनगंगा वाहते. १९५६ पर्यंत नदीच्या पलीकडचा नांदेड-आदिलाबादचा मुलूख हैदराबाद राज्यात होता आणि अलीकडचा आपला मुलूख जुन्या मध्य प्रदेशात. उमरखेडकडच्या माणसाला नदीपलीकडे नाती होती, बाजार होते, बोलीही ओळखीची होती. मराठवाड्यातील मुले वरच्या शिक्षणासाठी हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठात जात. त्याच विद्यापीठाच्या फुटबॉल संघातून रहीमसाहेब पुढे आले.

त्यांचा जन्म १७ ऑगस्ट १९०९ रोजी हैदराबादला झाला. उस्मानिया विद्यापीठ १९१८ साली स्थापन झाले. इंग्रजीऐवजी उर्दू या देशी भाषेतून उच्च शिक्षण देणारे ते देशातले पहिले विद्यापीठ. आज ज्या भव्य दगडी इमारतीसाठी ते प्रसिद्ध आहे, ती कला महाविद्यालयाची इमारत १९३९ ची आहे. त्याआधी वर्ग शहरातल्या भाड्याच्या जागांत भरत. इमारत नव्हती, पण खेळ होता. सिकंदराबादच्या लष्करी छावणीमुळे फुटबॉल त्या भागात आधीच रुजला होता. गोऱ्या पलटणींचे सामने पाहत पाहत गल्लीतली मुले खेळ शिकत होती. रहीम हे कला शाखेचे विद्यार्थी. ते कॉलेजच्या संघातून खेळले, पुढे शहरातल्या क्लबांकडून खेळले आणि चांगले खेळाडू म्हणून नाव मिळवले.

येथे थोडे थांबून विचार करा. पदवीधर तरुण, हाती खेळाची कीर्ती आणि तो काळ नोकरशाहीच्या मानाचा. अशा तरुणाने कचेरीत चांगली जागा धरली असती तर घरच्यांना आनंदच झाला असता. रहीमसाहेबांनी शिक्षकी पेशा निवडला. काचीगुडा मिडल स्कूल, उर्दू शरीफ स्कूल, दारुल उलूम हायस्कूल आणि चादरघाट हायस्कूल अशा शाळांतून त्यांनी मुलांना शिकवले. पुढे शारीरिक शिक्षणाची पदविका घेतली आणि शाळेतल्या खेळांची जबाबदारी अंगावर घेतली. १९४० च्या दशकाच्या सुरुवातीपासून हैदराबाद फुटबॉल असोसिएशनच्या सचिवपदाचे कामही त्यांच्याकडे आले. पुढे आंध्र प्रदेशातल्या संघटनेचा कारभारही त्यांनी शेवटपर्यंत पाहिला.

सचिवपद म्हणजे खुर्ची असे त्यांनी मानले नाही. शिक्षकाला वर्ग असतो, तसे त्यांनी सारे शहर आपला वर्ग केले. त्यांनी ज्या स्पर्धा भरवल्या, त्यांचे नियम ऐकून आज नवल वाटेल. एका प्रकारच्या स्पर्धेत चेंडू पायाशी खेळवत नेण्यास बंदी होती. चेंडू मिळाला की लगेच साथीदाराकडे द्यायचा. दुसऱ्या प्रकारच्या स्पर्धेत खेळाडूने आपल्या कमजोर पायानेच चेंडू मारायचा. उजव्या पायाचा खेळाडू असेल तर डाव्याने आणि डाव्या पायाचा असेल तर उजव्याने.

विद्यार्थी मित्रहो, यात किती शहाणपण आहे पाहा. आपल्या देशात त्या काळी चेंडू पायाशी ठेवून चार जणांना चकवणारा खेळाडू लोकांच्या टाळ्या घेई. रहीमसाहेबांना टाळ्या नको होत्या, त्यांना संघ हवा होता. एकट्याने पळण्यापेक्षा चेंडू जलद पळतो, हे साधे गणित त्यांनी नियमातूनच मुलांच्या अंगी बाणवले. आणि कमजोर पायाची गोष्ट तर आपल्या सर्वांना लागू आहे. ज्याला गणित येते तो गणितच करत बसतो, ज्याचे इंग्रजी कच्चे तो इंग्रजीचे पुस्तक उघडतच नाही. परीक्षा मात्र दोन्ही पायांची होते.

आता त्या संघाकडे वळू ज्याने त्यांचे नाव देशभर नेले. तो संघ म्हणजे हैदराबाद सिटी पोलीस. खेळाडूला पोलीस खात्यात नोकरी मिळे. महिन्याचा पगार निश्चित असे, त्यामुळे गरीब घरातल्या मुलाला खेळताना पोटाची चिंता राहत नसे. रहीमसाहेबांनी या शिपायांचा असा संघ बांधला की ज्याच्यापुढे कलकत्त्याचे नामांकित क्लबही जपून खेळू लागले.

त्याचा पुरावा आपल्या मुंबईतच आहे. १८९१ साली सुरू झालेली रोव्हर्स कप स्पर्धा मुंबईत होत असे. आता ती बंद पडली आहे, पण त्या काळी देशातल्या मोठ्या स्पर्धांत तिची गणना होती. हैदराबाद पोलिसांनी १९५० साली ती जिंकली. मग १९५१, १९५२, १९५३ आणि १९५४ सालीही जिंकली. सलग पाच वर्षे! हा विक्रम पुढे कोणालाही मोडता आला नाही. १९५० मध्येच त्यांनी मोहन बागानला हरवून ड्युरँड कप मिळवला. १९५४ व १९५७ च्या मोसमातही ड्युरँड त्यांच्याकडे आला आणि १९६१ साली आंध्र पोलीस या नव्या नावाने पुन्हा आला. राज्यांच्या संतोष ट्रॉफी स्पर्धेत हैदराबादने १९५६ आणि १९५७ अशी लागोपाठ दोन वर्षे विजय मिळवला व दोन्ही वेळा अंतिम सामन्यात मुंबईला नमवले.

या संघांतून नूर मोहम्मद, अझीझुद्दीन, मोईनुद्दीन, झुल्फिकारुद्दीन, युसूफ खान असे खेळाडू भारतीय संघात गेले. त्यांच्या बरोबरीने तुळसीदास बलराम, पॅट्रिक, कन्नन, सुसई अशी नावेही हैदराबादच्या फुटबॉलमध्ये तेवढ्याच मानाने घेतली जात. मास्तरांच्या वर्गात कोण कोणत्या मोहल्ल्यातून आला याची विचारणा नव्हती. चेंडू वेळेवर देतो की नाही, एवढीच विचारणा होती.

बलराम यांची हकीकत पालकांनी मुद्दाम लक्षात ठेवावी. सिकंदराबादजवळच्या एका वस्तीतला हा गरीब घरचा मुलगा. रहीमसाहेबांनी त्याचा खेळ पाहिला आणि सरावाला यायला सांगितले. सरावाचे मैदान दूर होते आणि रोज तेथे जाण्यापुरते पैसे घरात नव्हते. रहीमसाहेबांनी भाड्याच्या सायकलीसाठी त्याला पैसे दिले. तो मुलगा १९५६ च्या आणि १९६० च्या ऑलिंपिकला गेला, रोममध्ये त्याने दोन गोल केले आणि १९६२ च्या सुवर्णविजेत्या संघातही तो होता. २०२३ साली त्यांचे निधन झाले, तेव्हा भारतीय फुटबॉलमधील सर्वश्रेष्ठ आघाडीवीरांपैकी एक म्हणून देशाने त्यांना निरोप दिला. सायकलचे भाडे ते काय! पण ते देणारा मास्तर नसता तर हा हिरा वस्तीतच राहिला असता. आपल्या गावांत, आपल्या शाळांत आज अशा किती मुलामुलींचे पाऊल सायकलच्या भाड्यापाशी अडले असेल, याचा विचार आपणच करावा.

देशाच्या संघाची सूत्रे रहीमसाहेबांकडे १९५० च्या सुमारास आली. पहिल्याच मोठ्या परीक्षेत यश मिळाले. मार्च १९५१ मध्ये पहिली आशियाई क्रीडास्पर्धा दिल्लीला भरली. सैलेन मन्ना कर्णधार होते. भारताने इंडोनेशियाला आणि अफगाणिस्तानला प्रत्येकी ३-० ने हरवले आणि अंतिम सामन्यात मेवालालच्या एकमेव गोलवर इराणला नमवून सुवर्णपदक घेतले.

पण यशामागून अपयश आले आणि तेही असे की माणूस खचून जावा. १९५२ सालच्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये युगोस्लाव्हियाने भारतावर १०-१ असा विजय मिळवला. आपले बहुतेक खेळाडू अनवाणी खेळले होते. थंड हवा, ओले मैदान आणि समोर बूट घातलेले कसलेले खेळाडू. देशात टीका झाली. अशा वेळी दोष हवामानाला, नशिबाला किंवा निवड समितीला देता येतो. रहीमसाहेबांनी हे अपयश शिक्षकाने तपासलेल्या उत्तरपत्रिकेसारखे वाचले. कोठे चुकले, का चुकले, पुढच्या वेळी काय करायचे? हेलसिंकीनंतर भारतीय फुटबॉल महासंघाने बूट सक्तीचे केले. रहीमसाहेबांनी खेळाडूंच्या दमाकडे, शिस्तीकडे आणि मैदानावरच्या रचनेकडे लक्ष दिले.

त्या काळी जगात फुटबॉलचे शास्त्र झपाट्याने बदलत होते. २५ नोव्हेंबर १९५३ रोजी हंगेरीने इंग्लंडला त्याच्याच वेंब्ले मैदानावर ६-३ ने हरवले. हंगेरीचा मधला आघाडीवीर पुढे उभा न राहता मागे सरकून खेळत होता आणि त्याला कोणी अडवायचे हेच इंग्रजांना कळेना. रहीमसाहेब हैदराबादेत बसून या नव्या पद्धतींचा अभ्यास करत होते आणि आपल्या खेळाडूंवर त्यांचा प्रयोग करत होते. मागे चार, मध्ये दोन आणि पुढे चार अशी रचना ब्राझीलने १९५८ चा विश्वचषक जिंकल्यावर जगभर गाजली. त्या धर्तीची मांडणी रहीमसाहेबांनी भारतात त्याआधीच वापरायला घेतली होती, असे खेळाचे जाणकार सांगतात. ना दूरचित्रवाणी, ना परदेशी प्रशिक्षक, ना मोठा निधी. ज्ञान मिळवण्याची ओढ असली की साधनांची उणीव आडवी येत नाही, याचे हे उदाहरण.

चार वर्षांनी उत्तर मिळाले. १९५६ साली मेलबर्न ऑलिंपिकला संघ गेला, कर्णधार समर बॅनर्जी. हंगेरीने माघार घेतल्यामुळे पहिली फेरी न खेळताच पार पडली. १ डिसेंबर रोजी यजमान ऑस्ट्रेलियाशी गाठ पडली. भारताने तो सामना ४-२ ने जिंकला. मुंबईकडून खेळणाऱ्या नेव्हिल डिसोझाने त्यात तीन गोल केले. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅट्ट्रिक करणारा तो पहिला आशियाई खेळाडू ठरला. उपांत्य सामन्यात समोर तोच युगोस्लाव्हियाचा संघ होता. मध्यंतरापर्यंत एकही गोल झाला नाही. त्यानंतर पहिला गोल भारताने केला, तोही नेव्हिलनेच. शेवटी सामना ४-१ ने हातचा गेला आणि कांस्यपदकाच्या लढतीत बल्गेरियाने ३-० ने हरवले. पदक हुकले, भारत चौथा आला. पण १०-१ पासून इथपर्यंतचे अंतर चार वर्षांत कापले होते. ऑलिंपिक फुटबॉलच्या उपांत्य फेरीत पोहोचणारा भारत हा आशियातला पहिला देश ठरला. एक नोव्हेंबरला राज्यांची पुनर्रचना होऊन जुने हैदराबाद राज्य नकाशावरून गेले होते. महिन्याभरातच त्याच्या मास्तरांनी घडवलेली मुले मेलबर्नच्या मैदानावर देशाचे नाव राखत होती.

१९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये गट अवघड होता. हंगेरीकडून २-१ असा निसटता पराभव झाला, फ्रान्सशी १-१ अशी बरोबरी झाली आणि पेरूने ३-१ ने हरवले. संघ पुढच्या फेरीत गेला नाही, परंतु युरोपातल्या संघांशी बरोबरीने लढता येते हे दिसून आले.

आणि मग १९६२, जकार्ता. या स्पर्धेची हकीकत प्रत्येक विद्यार्थ्याने वाचावी. यजमान इंडोनेशियाने इस्रायल व तैवानच्या खेळाडूंना प्रवेश नाकारला होता. त्यावर आशियाई क्रीडा महासंघाचे भारतीय पदाधिकारी जी. डी. सोंधी यांनी जाहीर आक्षेप घेतला. तेथील लोक चिडले, भारतीय वकिलातीवर जमाव चालून गेला. या साऱ्याचा राग आपल्या खेळाडूंवर निघू लागला. भारतीय संघ मैदानात आला की प्रेक्षक हुर्यो उडवत.

खेळातही सुरुवात वाईट झाली. पहिल्याच सामन्यात दक्षिण कोरियाने २-० ने हरवले. थायलंडला ४-१ ने हरवताना बचावफळीचा आधारस्तंभ जर्नेलसिंग याच्या डोक्याला मोठी जखम झाली आणि टाके घालावे लागले. जपानला २-० ने हरवून संघ उपांत्य फेरीत आला. आता काय करावे? टाके घातलेल्या माणसाला बचावात उभे करणे धोक्याचे, बाहेर बसवणे त्याहून महागाचे. रहीमसाहेबांनी जर्नेलसिंगला आघाडीला, मधल्या जागेवर खेळवले. कित्येकांना हा निर्णय धाडसाचा वाटला असेल. पण मास्तरांना आपला विद्यार्थी ठाऊक होता. जर्नेल पूर्वी आघाडीला खेळलेला होता. दक्षिण व्हिएतनामविरुद्ध कर्णधार चुनी गोस्वामीने दोन व जर्नेलने एक गोल केला आणि भारत ३-२ ने जिंकला.

४ सप्टेंबर १९६२ रोजी अंतिम सामना झाला, पुन्हा त्याच दक्षिण कोरियाशी. सुमारे एक लाखाचे विरोधी स्टेडियम. गोलरक्षक पीटर थंगराज आजारातून नुकता उठलेला. उंच उडणारे चेंडू अडवण्यासाठी त्यालाच उभे केले. सतराव्या मिनिटाला पी. के. बॅनर्जीने गोल केला. तीनच मिनिटांनी दुसरा गोल झाला, तो टाके घातलेल्या जर्नेलसिंगचा. शेवटी शेवटी कोरियाने एक गोल फेडला, पण भारत २-१ ने जिंकला. ज्या स्टेडियममध्ये हुर्यो उडवली जात होती, तेथेच भारताचे राष्ट्रगीत वाजले. गटातल्या पहिल्याच सामन्यात ज्यांनी हरवले, त्यांनाच अंतिम सामन्यात हरवून सुवर्णपदक मिळाले. कमजोर पाय मजबूत करण्याचा धडा शेवटच्या परीक्षेपर्यंत उपयोगी पडला.

दुर्दैवाने मास्तरांची ती शेवटची मोठी स्पर्धा ठरली. ते सिगारेट फार ओढत. जकार्ताहून परतल्यावर काही महिन्यांतच त्यांनी अंथरूण धरले. फुप्फुसाच्या कर्करोगाने ११ जून १९६३ रोजी त्यांचे निधन झाले. वयाची ५४ वर्षेही पूर्ण झाली नव्हती. थोरांच्या चरित्रातला हा भाग आपण बहुधा गाळतो. तो गाळू नये. खेळाडूंच्या दमाची रोज काळजी वाहणाऱ्या या माणसाचा स्वतःचा श्वास एका सवयीने हिरावून नेला. विद्यार्थी मित्रहो, पानटपरीवर पहिली सिगारेट कोणी पुढे केली तर हे आठवा.

रहीमसाहेबांच्या मागे हैदराबादच्या फुटबॉलला हळूहळू उतरती कळा लागली. १९७० साली बँकॉकला भारताला कांस्यपदक मिळाले, पण आशियाई सुवर्ण पुन्हा आले नाही. त्यांचे चिरंजीव सय्यद शाहिद हकीम हे रोम ऑलिंपिकच्या संघात होते. पुढे त्यांनी हवाई दलात सेवा केली, आंतरराष्ट्रीय पंच झाले, प्रशिक्षक झाले आणि २०२१ साली त्यांचे निधन झाले. २०२४ साली रहीमसाहेबांच्या जीवनावर 'मैदान' नावाचा हिंदी चित्रपट आला आणि नव्या पिढीला हे नाव प्रथमच कळले. चित्रपट पाहण्यास हरकत नाही. मात्र चित्रपट रंग भरतो, तेव्हा आपण माणसाचे कामही जाणून घ्यावे.

पालकहो, आता दोन शब्द आपल्याशी. मूल खेळायला गेले की अभ्यास बुडाला, अशी आपल्यापैकी अनेकांची समजूत आहे. ती अगदीच निराधार नाही. आपल्याकडे शिकून वर येण्याला दुसरा पर्याय नाही आणि कापसाच्या भावावर चालणाऱ्या घरात एक वर्ष वाया जाणे परवडत नाही. पण रहीमसाहेबांचे आयुष्य पाहा. ते पदवीधर होते, शिक्षक होते, आणि शिकलेले होते म्हणूनच इतरांना पुढे असे प्रशिक्षक झाले. त्यांच्या आयुष्यात पुस्तक आणि मैदान यांचे भांडण कधी झालेच नाही. वेळेवर येणे, हरल्यावर चूक शोधणे, साथीदाराला चेंडू देणे, दुखापतीतही जबाबदारी न टाकणे, हे सारे त्यांनी मैदानावर शिकवले आणि हे सारे परीक्षेतही लागते, नोकरीतही लागते, संसारातही लागते.

म्हणून एवढेच करा. आपला मुलगा किंवा मुलगी शाळेच्या मैदानावर जात असेल तर एकदा संध्याकाळी स्वतः जाऊन पाहा. तेथल्या शिक्षकांना भेटा. अभ्यासाची वेळ आणि खेळाची वेळ त्यांच्याशी बोलून ठरवा. शेजारचे मूल चांगले खेळते पण बुटांअभावी घरी बसते असे दिसले, तर चौघांनी मिळून बूट घेऊन द्या. आणि शिक्षक बंधुभगिनींनो, वर्गात मागच्या बाकावर बसणाऱ्या मुलाची नजर खिडकीतून मैदानाकडे जात असेल, तर त्याला रागावण्यापूर्वी एकदा त्याचा खेळ पाहा. हैदराबादच्या एका शाळामास्तरांनी एवढेच केले होते आणि त्यातून देशाला दोन सुवर्णपदके मिळाली.